खर्ड्याची लढाई आणि युद्धाचा शास्त्रीय अभ्यास

इतिहासाच्या प्रश्नपत्रिकेत एक प्रश्न कधी ना कधी येतोच : "अमुक लढाईची कारणे व परिणाम लिहा." विद्यार्थी चार कारणे आणि चार परिणाम पाठ करतो, गुण मिळवतो आणि विसरून जातो. शिक्षकांचाही त्यात दोष आहे असे म्हणवत नाही. तासिका पस्तीस मिनिटांची आणि अभ्यासक्रम समुद्राएवढा. परंतु विद्यार्थी जे लिहितो ते एक, आणि त्याच्या मनात जे बसते ते निराळेच. निजाम व पेशवे यांच्या लढाया शिकवल्यानंतर आमच्या भागातील कोणत्याही वर्गात विचारून पाहावे, "ही युद्धे का झाली?" मुले क्षणाचाही विलंब न लावता उत्तर देतात, "एक मुसलमान होता आणि एक हिंदू होता म्हणून." हे उत्तर पुस्तकात नसते. ते पारावरून, घरातून, अलीकडे मोबाइलवरून आलेले असते. ज्या संस्थेच्या वर्गांत अहमद आणि अशोक एकाच बाकावर बसतात, त्या संस्थेच्या स्मरणिकेत या उत्तराची तपासणी करणे अस्थानी होणार नाही असे वाटते.

तपासणी म्हटले की पद्धत हवी. युद्धाचा अभ्यास पद्धतशीरपणे करण्याची परंपरा जुनी आहे. कौटिल्याने शेजारी राजा हा स्वभावतःच प्रतिस्पर्धी आणि त्याच्या पलीकडचा राजा स्वाभाविक मित्र, असा मंडल-सिद्धांत मांडला. चौदाव्या शतकात ट्युनिस येथे जन्मलेल्या इब्न खल्दूनने आपल्या 'मुकद्दमा' या ग्रंथात युद्धांचे चार प्रकार केले : शेजारच्या जमातींमधील ईर्षेचे, रानटी टोळ्यांच्या आक्रमणाचे, धर्मासाठी केलेले, आणि राज्य टिकवण्यासाठी बंडखोरांविरुद्ध केलेले. लक्षात घेण्याजोगी गोष्ट ही की, स्वतः काझी असलेल्या या विद्वानाने धर्माचे युद्ध हा चारांपैकी एक प्रकार मानला, चारही नव्हेत.

विसाव्या शतकात या अभ्यासाला मोजमापाची जोड मिळाली. इंग्लंडमध्ये लुईस फ्राय रिचर्डसन (१८८१–१९५३) नावाचे हवामानशास्त्रज्ञ होऊन गेले. क्वेकर पंथाचे असल्याने ते शस्त्र हाती धरीत नसत. पहिल्या महायुद्धात फ्रान्समध्ये जखमींची ने-आण करणाऱ्या पथकात त्यांनी काम केले. १९२० मध्ये हवामान खाते विमानदलाच्या मंत्रालयाखाली गेले तेव्हा त्यांनी नोकरी सोडली. पुढे त्यांनी एक विलक्षण उद्योग आरंभला. १८२० पासूनच्या जगातील सर्व युद्धांची यादी करायची, मेलेल्यांची संख्या लिहायची, आणि गणिताने पाहायचे की युद्धे कशाबरोबर वाढतात व कशाबरोबर घटतात. त्यांचे ग्रंथ त्यांच्या मृत्यूनंतर, १९६० मध्ये प्रसिद्ध झाले. ज्या देशाला शेजारी अधिक त्याच्या वाट्याला युद्धे अधिक, हा त्यांचा एक ठळक निष्कर्ष. (सीमांची लांबी शोधताना त्यांना असे आढळले की स्पेन-पोर्तुगाल यांची सरहद्द एका ठिकाणी ९८७ किलोमीटर तर दुसऱ्या ठिकाणी १२१४ किलोमीटर दिलेली आहे! मोजपट्टी जितकी लहान तितकी वाकडी रेषा लांब भरते. गणिताच्या शिक्षकांनी हे उदाहरण वर्गात जरूर सांगावे.) धर्माच्या बाबतीत त्यांचा हिशेब पूर्णपणे आपल्या मनासारखा सुटत नाही, हेही प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे. ख्रिस्ती व मुस्लिम देशांमधील युद्धे अपेक्षेपेक्षा काहीशी अधिक भरली. तेव्हा धर्माचा युद्धाशी काहीच संबंध नाही, असे म्हणून मोकळे होता येत नाही. प्रत्येक ठिकाणी पाहावे लागते.

अमेरिकेत क्विन्सी राइट यांचा 'युद्धाचा अभ्यास' हा द्विखंडात्मक ग्रंथ १९४२ मध्ये आला, आणि १९६३ पासून मिशिगन विद्यापीठात जे. डेव्हिड सिंगर यांनी १८१६ नंतरच्या युद्धांची मोठी नोंदवही तयार करण्यास प्रारंभ केला. तिच्यात युद्ध कशाला म्हणावे याची अट घातलेली आहे. लढाईत किमान एक हजार सैनिक मेले तर ते युद्ध. ही अट वाचकांनी ध्यानात ठेवावी. तिच्याकडे पुन्हा यावयाचे आहे.

या नोंदवह्या सुरू होण्याच्या आधीच आपल्या भागातील मोठ्या लढाया संपल्या होत्या. म्हणून तोच हिशेब आपला आपण करू. पहिल्या निजामाने १७२४ मध्ये दख्खनमध्ये आपली सत्ता स्थापन केली. तेव्हापासून १७९५ पर्यंत सुमारे एकाहत्तर वर्षे. १७२८ मध्ये पालखेड येथे बाजीरावाने निजामाला कोंडीत पकडले आणि मुंगी-शेवगावचा तह झाला. १७३७ मध्ये भोपाळ, लगेच १७३८ मध्ये दुराईसराईचा तह. १७५२ मध्ये भालकीचा तह. १७५७ मध्ये सिंदखेड. १७६० मध्ये उदगीर. १० ऑगस्ट १७६३ रोजी आमच्याच जिल्ह्यात, गेवराई तालुक्यातील राक्षसभुवन. येथवर पाहिले तर दर पाच-दहा वर्षांनी तलवार उपसलेली दिसते. परंतु पुढे? १७७३ अखेरची राघोबादादाची बीदरकडील मोहीम सोडली, तर राक्षसभुवनापासून खर्ड्यापर्यंत, म्हणजे बत्तीस वर्षे, या दोन सत्तांमध्ये मोठी लढाई नाही. उलट १७८४ मध्ये यादगीर येथे नाना फडणीस व निजामअली यांची भेट होते, १७८६ मध्ये दोघे मिळून टिपूवर चालून जातात, आणि १७९० ते १७९२ या काळात इंग्रजांसह तिघे मिळून पुन्हा टिपूवर.

आता विज्ञानाच्या तासाला आपण मुलांना काय शिकवतो? जी गोष्ट सर्वकाळ सारखीच आहे, ती अधूनमधून घडणाऱ्या गोष्टीचे कारण एकटी होऊ शकत नाही. निजाम १७२८ मध्ये मुसलमान होता, १७८६ मध्येही होता. पेशवे दोन्ही वेळी ब्राह्मणच होते. धर्म बदलला नाही, पण कधी युद्ध झाले, कधी मैत्री झाली. मग शोध घ्यायचा तो बदलले काय याचा.

सैन्यांची घटना पाहिली तरी हेच दिसते. राक्षसभुवनला निजामाचे अर्धे सैन्य पुराच्या गोदावरीपलीकडे गेलेले असताना अलीकडच्या काठावर सापडून जो मारला गेला तो निजामाचा दिवाण विठ्ठल सुंदर हा ब्राह्मण होता. त्या मोहिमेत नागपूरकर जानोजी भोसले आधी निजामाकडे होते, ऐन वेळी पेशव्याकडे आले. उदगीरला निजामाविरुद्ध ज्याच्या तोफांनी काम केले तो इब्राहिमखान गारदी, पूर्वी निजामाच्याच पदरी होता. पुढच्याच वर्षी तो पानिपतावर मराठ्यांसाठी लढून मेला. आणि खर्ड्याचा जो भुईकोट किल्ला आज जामखेड तालुक्यात उभा आहे, ज्यात १७९५ मध्ये निजामअलीने आश्रय घेतला, तो बांधला कोणी? निजामाचे सरदार सुलतानजी निंबाळकर यांनी, १७४३ मध्ये. नांदूरघाटहून खर्डा एका दिवसात जाऊन येण्याजोगे आहे. सहल न्यायची तर अजिंठा-वेरूळबरोबर हेही ठिकाण धरावे.

तर बदलले काय? पहिली गोष्ट पैसा. दख्खनच्या सहा सुभ्यांची चौथाई, म्हणजे वसुलाचा चौथा हिस्सा, आणि सरदेशमुखीचा दहावा हिस्सा मराठ्यांना मिळावा, असे १७१९ च्या बादशाही सनदांनी ठरले होते. ही रक्कम कधी दिली जाई, कधी थकवली जाई. टिपूचे युद्ध संपल्यावर नाना फडणिसांनी थकबाकीचा तगादा लावला. आकडा कोटींच्या घरात गेला होता. निजामाचा दिवाण मुशीरुल्मुल्क याने उलट हिशेब पुढे केला की तुमचेच आमच्याकडे देणे निघते. पेशव्यांचे वकील गोविंदराव काळे हैदराबाद दरबारी होते. नानांनी स्वतः येऊन हिशेब समजावून द्यावा, नाही आले तर कसे आणावयाचे ते आम्हांस ठाऊक आहे, अशा अर्थाची भाषा भर दरबारात झाली असे सांगतात. हिशेबाच्या वहीतून मानापमान निघाला. गावच्या बांधाच्या भांडणातही असेच होते.

दुसरी गोष्ट शस्त्रे. येथे रिचर्डसन यांचे एक समीकरण फार उपयोगी पडते. ते म्हणतात, प्रत्येक पक्षाची शस्त्रवाढ तीन गोष्टींवर ठरते : समोरच्याजवळ किती शस्त्रे आहेत ही भीती, आपल्याला खर्च किती सोसतो हा थकवा, आणि जुनी तक्रार. महादजी शिंद्यांनी १७८४ पासून द बॉइन या फ्रेंच जाणणाऱ्या सॅव्हॉयच्या सरदाराकडून कवायती पलटणी उभ्या करविल्या. त्या पाहून निजामाने रेमंड या फ्रेंच अधिकाऱ्याच्या हाताखाली आपल्या पलटणी वाढवल्या. खर्ड्याच्या वेळेपर्यंत त्यांची संख्या दहा हजारांच्या वर गेली होती. त्या पाहून पुण्याला चिंता. पगारासाठी रोख पैसा नाही, म्हणून पलटणींना मुलूख तोडून द्यावा लागला. मुलूख गेला म्हणजे चौथाई द्यायला आणखी कमी. भीती, थकवा आणि तक्रार, तिन्ही एकमेकांना खतपाणी घालू लागली. रिचर्डसन यांनी हे गणित युरोपातील १९१४ पूर्वीच्या शस्त्रस्पर्धेवरून मांडले, पण ते आमच्या मांजराकाठालाही लागू पडते.

तिसरी गोष्ट तिसरा माणूस. टिपूविरुद्धच्या युद्धात इंग्रज दोघांचेही मित्र होते. निजामाला वाटे, आपल्यावर प्रसंग आला तर मित्र धावून येईल. गव्हर्नर जनरल सर जॉन शोअर यांनी तटस्थ राहण्याचे ठरवले. निजामाच्या पगारावर असलेल्या कंपनीच्या दोन पलटणी मराठ्यांविरुद्ध वापरता येणार नव्हत्या. १७९४ च्या फेब्रुवारीत महादजी शिंदे वारले, तेव्हा पुण्याची बाजू दुबळी झाली असे हैदराबादला वाटले. प्रत्यक्षात दौलतराव शिंदे, तुकोजी होळकर, रघुजी भोसले आणि परशुरामभाऊ पटवर्धन हे सगळे पेशव्याच्या निशाणाखाली एकत्र आले. मराठेशाहीत असे पुन्हा घडले नाही.

निजामअली बीदरहून निघून मांजरेच्या काठाकाठाने वर आला. मांजरा आमच्याच जिल्ह्यात, पाटोदा तालुक्यात बालाघाटाच्या डोंगरात उगम पावते आणि केज तालुक्याच्या दक्षिण अंगाने वाहते. म्हणजे ही सेना आमच्या पूर्वजांच्या शिवाराजवळून गेली. ग्रँट डफ याने निजामाची फौज एक लाख दहा हजार आणि मराठ्यांची एक लाख तीस हजारांच्या वर धरली आहे. ११ मार्च १७९५ रोजी मोहरीचा घाट उतरून फौज खर्ड्याकडे सरकत असताना गाठ पडली. आरंभी पठाण घोडेस्वारांनी मराठ्यांची आघाडी मागे रेटली, परशुरामभाऊ जखमी झाले. नंतर शिंद्यांच्या तोफा आणि नागपूरकरांचे बाण यांनी मोगली घोडदळ उधळले. रेमंडची पलटण मात्र जागा धरून होती. सूर्यास्ताच्या सुमारास निजामाने तिलाही मागे बोलावले.

निकाल लागला तो रात्री, आणि तोही पाण्यावरून. मराठ्यांची एक लहानशी तुकडी घोड्यांना पाणी पाजण्यासाठी ओढ्याकडे आली. तेथे मोगलांचे काही लोक पडलेले होते. अंधारात त्यांनी गोळ्या झाडल्या, पाठोपाठ रेमंडच्या पहारेकऱ्यांनीही झाडल्या, आणि संपूर्ण छावणीत घबराट उडाली. जो तो पळत सुटला. निजामाने खर्ड्याचा किल्ला गाठला. आत पाणी अपुरे, भोवती वेढा. थोड्याच दिवसांत शरणागती आली. तीन कोटी रुपये, परांड्यापासून तापीपर्यंतचा सुमारे पस्तीस लाखांचा मुलूख दौलताबादच्या किल्ल्यासह, आणि ज्याने दरबारात ती भाषा केली होती तो दिवाण मुशीरुल्मुल्क ओलीस.

आता मेलेल्यांची संख्या. त्याच ग्रँट डफने नोंदवले आहे की प्रत्यक्ष लढाईत जेमतेम दोनशे माणसे पडली. रात्रीच्या पळापळीत अधिक गेली. अडीच लाखांच्या जमावात दोनशे! सिंगर यांची अट लावली तर खर्डा हे युद्धच ठरत नाही. आणि परिणाम पाहावे. मित्राने पाठ फिरवली म्हणून निजामाने त्या दोन इंग्रज पलटणी प्रथम परत पाठवल्या. पण त्याच वर्षी शाहजादा आलीजाहने बंड केले आणि त्या पुन्हा बोलवाव्या लागल्या. ऑक्टोबरात सवाई माधवराव शनिवारवाड्याच्या सज्जातून पडून वारले आणि पुण्यात गादीसाठी भांडणे लागली. त्या भांडणात नानांना निजामाची मदत हवी होती. १७९६ च्या महाडच्या करारात जिंकलेले बहुतेक परत द्यावे लागले. सुटून आलेल्या मुशीरुल्मुल्कने खर्ड्याचा धडा असा घेतला की शेजाऱ्यापासून वाचायचे तर इंग्रजांच्या छायेत जावे. १ सप्टेंबर १७९८ रोजी हैदराबादने तैनाती फौजेचा तह केला. सहा पलटणी, वर्षाला चोवीस लाख सतरा हजार शंभर रुपये खर्च, आणि रेमंडची फौज बरखास्त. रेमंड त्याआधीच मेला होता. ३१ डिसेंबर १८०२ रोजी वसईला दुसऱ्या बाजीरावानेही तशाच तहावर सही केली. ज्या दोघांनी चौथाईच्या बाकीसाठी युद्ध केले, त्यांपैकी एकाजवळही आठ वर्षांनंतर स्वतःच्या मर्जीने युद्ध करण्याचा अधिकार उरला नव्हता. जो लढला नाही तो जिंकला. त्र्यं. शं. शेजवलकरांनी निजाम-पेशवे संबंधांवर स्वतंत्र पुस्तक लिहिले आहे; सेतुमाधवराव पगडींनी फारसी साधनांच्या आधारे या विषयावर प्रकाश टाकला. शिक्षकांनी तरी पाठ्यपुस्तकाबाहेर जाऊन हे वाचावे.

दोनशेच्या त्या आकड्यात आणखी एक गोष्ट नाही. मार्च महिना म्हणजे आमच्याकडे रब्बीच्या ज्वारीचे दिवस. काही पीक खळ्यावर, काही उभे. अडीच लाख माणसे, त्यांची घोडी, बैल, हत्ती, आणि शिवाय हजारो पेंढारी या पट्ट्यातून गेले. कडबा कोणाचा गेला, बुचक्यांनी कोणाच्या पेवातले धान्य नेले, विहिरी कशा आटल्या, हे कोणत्याही यादीत येत नाही. त्यापूर्वी तीनच वर्षे दख्खनवर मोठा दुष्काळ पडून गेला होता. कुणब्याला आणि विणकराला त्या वर्षी काय सोसावे लागले असेल ते ज्याने १९७२ चा दुष्काळ घरच्यांकडून ऐकला आहे त्याला वेगळे सांगायला नको.

मोजमापाची ही उणीव उलट बाजूनेही दिसते, आणि ते उदाहरण अधिक जवळचे व अधिक जड आहे. १९४८ चा हैदराबादचा प्रश्न आंतरराष्ट्रीय संबंधांच्या अभ्यासकांना नेहमी अडचणीत टाकतो. निजाम सरकारने २१ ऑगस्ट १९४८ रोजी संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेकडे तक्रार केली, म्हणजे त्यांच्या मते हा दोन राज्यांमधील वाद. भारत सरकारने १३ सप्टेंबरला जी मोहीम सुरू केली तिला पोलीस कारवाई हे नाव मिळाले, म्हणजे हा घरातला प्रश्न. पाच दिवसांत सर्व संपले, निजामाने तक्रार मागे घेतली. त्याआधी रझाकारांनी खेड्यापाड्यांतून जे अत्याचार केले ते मराठवाड्यात सर्वश्रुत आहेत, आणि त्यांवर पांघरूण घालण्याचे कारण नाही. परंतु कारवाईनंतरच्या आठवड्यांत जे घडले ते पुष्कळ काळ बोललेच गेले नाही. पंडित सुंदरलाल, काझी अब्दुल गफ्फार आणि मौलाना अब्दुल्ला मिस्री यांची समिती १९४८ च्या नोव्हेंबर-डिसेंबरात संस्थानात हिंडली. कारवाईच्या काळात व नंतर सत्तावीस ते चाळीस हजार माणसे मारली गेली असावीत, असा तिचा अंदाज. उस्मानाबाद, गुलबर्गा, बीदर व नांदेड या चार जिल्ह्यांत सर्वांत अधिक; बीड हे त्यानंतरच्या चार जिल्ह्यांच्या गटात. सरकारने हा अहवाल तेव्हा प्रसिद्ध केला नाही, आकड्यांविषयी मतभेदही आहेत. अलीकडच्या काळात तो दिल्लीत अभ्यासकांना पाहावयास मिळू लागला. त्याच अहवालात हेही नमूद आहे की अनेक ठिकाणी हिंदूंनी जिवावर उदार होऊन आपल्या मुसलमान शेजाऱ्यांना वाचवले.

खर्ड्याला रणांगणावर दोनशे मेले आणि दोन राज्ये बुडाली. १९४८ ला रणांगणावर थोडे आणि रणांगणाबाहेर हजारो. हजार सैनिकांची पट्टी दोन्ही ठिकाणी आखूड पडते. याचा अर्थ मोजू नये असा नव्हे. रिचर्डसन यांनीच तर दाखवले की सरहद्द मोजताना लहान पट्टी घेतली म्हणजे जी वळणे मोठ्या पट्टीत हरवतात ती हाती लागतात. आपली पट्टी जिल्ह्याची नव्हे, गावाची हवी.

सुंदरलाल समितीचे आकडे जिल्ह्यांचे आहेत. गावांचे कोणी लिहून ठेवलेले दिसत नाही. त्या वेळी आठ-दहा वर्षांची असलेली माणसे आता पंचाऐंशी-नव्वदीच्या घरात आहेत, आणि केज, अंबाजोगाई, पाटोदा या भागातील बहुतेक गावांत अशी एक-दोन तरी सापडतात. नववीच्या मुलांना दिवाळीच्या सुट्टीत एक वही द्यावी आणि तिच्यात तीन रकाने आखून द्यावेत. रझाकारांच्या काळात गावातून कोण गेले, कारवाईनंतर कोण गेले, आणि कोणी कोणाला घरात, कणगीमागे किंवा मळ्यात लपवले. नाव, गाव, सांगणाऱ्याचे वय आणि तारीख लिहावी. ऐकीव असेल तर तसे लिहावे, पाहिलेले असेल तर तसे. अहमद आणि अशोक यांनी ही वही मिळून भरावी.